रेषेबाहेरचा बारा नंबर

१

मृत्यू ही जगातली एकमेव पक्की गोष्ट आहे. तो कुणाला ओळख दाखवत नाही, कुणाचा वशिला ऐकत नाही, आणि एकदा नेलेल्या माणसाला पुन्हा परत पाठवत नाही. याबाबत सगळ्या धर्मांचं, सगळ्या तत्त्वज्ञांचं आणि सगळ्या विमा कंपन्यांचं एकमत आहे.

डेव्हिन मर्सरला हे कुणी कळवलं नव्हतं. फेब्रुवारीत मोटार अपघातात गेलेला हा गृहस्थ सप्टेंबरमध्ये फुटबॉलच्या तीन मॅचेस खेळला. फार खेळला असं नाही. दर मॅचमध्ये चेंडूला एकदाच पाय लावला आणि गेला. पण आमच्या ऋचाची नोकरी घालवायला तेवढा पाय पुरेसा होता.

ऋचा आमची मुलगी. २०१६ साली ती सिंगापूरला बुओना व्हिस्टाच्या एका कंपनीत होती आणि मी नि उल्का तिच्या पासिर रिसच्या फ्लॅटवर राहायला गेलो होतो. तिचं काम काय, हे मला तीनदा समजावल्यावर कळलं. अमेरिकेत फुटबॉलचे क्लब असतात. संध्याकाळी त्यांची मॅच सुरू होते तेव्हा सिंगापुरात सकाळ असते. ऋचाच्या विभागातली माणसं ती मॅच पडद्यावर बघतात आणि कुठल्या खेळाडूनं चेंडूला कुठे पाय लावला, त्या प्रत्येक वेळी एक क्लिक करतात. मॅच संपली की अहवाल अमेरिकेला जातो. तो वाचून तिथल्या कोचला आपण का हरलो ते कळतं.

ऋचाच्या विभागाकडे एकच क्लब होता. डुलुथ लँटर्न्स. हरण्याचं कारण शोधण्याचं काम या क्लबनं वर्षभर पुरवलं होतं. मार्चपासून हंगाम सुरू झाला होता आणि लँटर्न्स तळाशी जाऊन अशा निश्चिंतपणे बसले होते, की जणू तिथला फ्लॅट त्यांनी विकतच घेतलाय.

मर्सर हा त्यांचा जुना खेळाडू, बारा नंबरचा. तो गेल्यावर क्लबनं तो नंबर कायमचा बंद केला. आणि सोमवारी सकाळी क्लबचा मेल आला : गेल्या तीन अहवालांत मर्सरच्या नावापुढे एकेक स्पर्श नोंदवलेला आहे. हा कुणाचा विनोद आहे? गुरुवारची मॅच संपेपर्यंत उत्तर द्या. नाहीतर करार रद्द.

"करार गेला की विभाग गेला," ऋचा म्हणाली. "विभाग गेला की माझा इथे राहायचा पास गेला. आणि तन्मय माझ्याच पासवर आहे, आई."

तन्मय आमचा जावई. तो स्वयंपाकघरात होता. त्याच्या हातातला झारा तिथेच थांबला.

"नवीन वॉशिंग मशीन सांगितलंयस ना?" उल्कानं विचारलं. "ते आधी थांबव. पक्ष चाललाय. या पंधरवड्यात काही विकत घ्यायचं नसतं."

"आई, इथे नोकरी जातीये!"

"म्हणूनच म्हणते. आणि ते चित्र दाखव मला. मेलेल्यानं पाय कुठे लावला ते."

ऋचानं लॅपटॉप फिरवला. हिरवं मैदान, त्यावर शेकडो ठिपके. मर्सरचा ठिपका मैदानात नव्हताच. उजव्या हाताला, रेषेच्या बाहेर, एकटा उभा होता. तिन्ही मॅचमध्ये तिथेच आसपास.

उल्कानं चष्मा पुसला आणि ठिपक्याशेजारची वेळ वाचली.

"अहो, हे बघितलंत का? हा पठ्ठ्या शिट्टी वाजायच्या आधीच येतो."

२

उल्काबद्दल इथे सांगायला हवं. ती आयुष्यभर पुण्याच्या एका शाळेत गणित शिकवत होती आणि बोर्डाच्या पेपरांची मॉडरेटर होती. मॉडरेटरपुढे गठ्ठा टाकला की कुणी कुणाचं बघून लिहिलं ते त्याला नुसत्या चुकांवरून कळावं लागतं. बरोबर उत्तरं सगळ्यांची सारखीच असतात, ती म्हणते. माणूस ओळखायचा तो चुकीवरून.

मंगळवारी कोथिंबीर वड्यांचा मोठा डबा घेऊन आम्ही ऋचाच्या ऑफिसात गेलो. ती इमारत अशी होती की माणूस चालू लागला की डोक्यावरचा दिवा लागायचा आणि तो पुढे गेला की मागचा विझायचा. आपल्यामागे अंधार येत राहायचा. कॉरिडॉरच्या टोकाला, जिथे कुणीच नव्हतं, तिथेही मधूनच एक दिवा लागला आणि विझला.

"सेन्सर बिघडलाय," ऋचाच्या विभागातला निहार म्हणाला. पण तोही त्या बाजूला न जाता लांबच्या वाटेनं पँट्रीत गेला.

विभागात ऋचा सोडून चौघं होते. उल्कानं ऋचाला पहिलाच प्रश्न विचारला : "कुणी क्लिक केलं ते मशीनला माहीत नसतं का?"

ऋचानं आवाज खाली आणला. "असतं. पण आमचा सगळ्यांचा लॉगिन एकच आहे. प्रत्येकाचा वेगळा घ्यायला वेळ जातो म्हणून मीच... तसं चालत नाही, आई. अमेरिकेला कळलं तर भूत राहिलं बाजूला, मीच जाईन."

"म्हणजे चौघांपैकी कुणीही," उल्का म्हणाली, "किंवा पाचवा."

पाचवा म्हणजे कोण, हे मी विचारलं नाही.

निहार नागपूरचा, ती सगळी यंत्रणा त्यानंच लिहिलेली. मर्सरचं नाव त्यानं यादीतून काढलं नव्हतं. "काढता येत नाही, काकू," तो म्हणाला. "त्याचे जुने सीझन त्याच नावावर आहेत. नाव काढलं तर तो कधी खेळलाच नव्हता असं होईल. ऋचा मॅडम गेल्या महिन्यात मला सगळ्यांसमोर बोलल्या, ते तुम्हाला कळलंच असेल. पण त्याचा बदला म्हणून मी मेलेला माणूस आणीन? जिवंत माणसं सांभाळून जीव जातोय."

"यंत्राची चूक असेल का?"

"असती तर बरं झालं असतं."

प्रबोध हा पुण्याचा, सदाशिव पेठेतला, पन्नाशीचा. त्यानं वडी हातात घेतली, वास घेतला आणि आधी विचारलं, "यात लसूण नाही ना? पक्ष चाललाय म्हणून विचारलं." याच परिसरात त्यानं काँडो, म्हणजे स्वतःचा फ्लॅट, बघून ठेवला होता, पण सह्या पुढच्या महिन्यावर ढकलल्या होत्या. तो बोलत असतानाच त्याचा फोन वाजला.

"हो अण्णा. जेवलो अण्णा. नाही अण्णा, पाऊस नाही. औषध घेतलंत का?" फोन ठेवून तो ओशाळून हसला. "आमचे वडील. अठ्ठ्याऐंशीचे आहेत, पण रोज याच वेळेला मी जेवलो का ते विचारतात. वहिनी, खरं सांगू? मी या ठिपक्यावर गंगाजल शिंपडणार होतो. निहार म्हणाला कीबोर्ड खराब होईल."

तिसरा कोह. हा इथला चिनी, अहवाल तपासायचं काम त्याच्याकडे. पिशवीतून एक संत्रं काढून त्यानं उल्काला दिलं आणि तिथल्या 'लाह' लावलेल्या इंग्रजीत गंभीरपणे म्हणाला, "आंटी, हा आमचा नाही लाह."

"आमचा म्हणजे?"

"आमचा भुतांचा महिना असतो ना, सातवा. ऑगस्टमध्ये. आम्ही जेवण ठेवतो, कागद जाळतो, नाटकाची पहिली रांग त्यांना मोकळी सोडतो. महिना संपला, दरवाजे बंद, सगळे परत. हा सप्टेंबरमध्ये आलाय. ओव्हरस्टे!"

हे तो हसत म्हणाला नाही. सिंगापुरात भुतंही मुदतीत परत जातात आणि एखादं राहिलं तर लोकांना त्याच्या भूतपणापेक्षा बेशिस्तीचा धक्का जास्त बसतो. मला तेव्हा हसू आलं होतं. मग मी कोहच्या टेबलाखाली पाहिलं. त्याच्या पायांशी अजून दोन संत्री आणि एक उदबत्ती होती.

चौथी ऋता. चोवीस-पंचवीसची, इथेच जन्मलेली, सेंगकांगला आईवडिलांबरोबर राहणारी. मराठी कळायची पूर्ण, बोलायची अर्धी.

"आंटी, मी फक्त क्लिक करते लाह. लँटर्न्सचे सगळे प्लेयर माझेच असतात."

"मर्सरला ओळखायचीस?"

"भेटले नाही कधी. पण दोन सीझन त्याचा एव्हरी टच मी क्लिक केला. थ्रो घ्यायच्या आधी तो सॉक्स वर ओढायचा. शर्टचा नंबर दिसला नाही तरी मला कळायचं, हा तोच." ती थांबली. "त्याला कोणीच नव्हतं, आंटी. फॉस्टर होम्समध्ये मोठा झाला. फ्युनरलचा व्हिडिओ क्लबनं टाकला होता. फर्स्ट रो एम्टी."

मग तिनं वडी अर्धी तोडली आणि एकदम वेगळंच विचारलं. "प्रबोध अंकल सांगत होते, आपल्याकडे क्रोला फूड ठेवतात. इथे तर क्रो शूट करतात. मग क्रो आलाच नाही तर ते पोचत नाही का?"

"कुणी सांगितलं नाही पोचत?" उल्का म्हणाली आणि डबा बंद केला.

घरी येताना MRTमध्ये, म्हणजे तिथल्या मेट्रोत, ती एकदाच बोलली. "यंत्र नाही. ते तीन ठिपके एकमेकांच्या जवळ आहेत, पण एका जागी नाहीत. यंत्र चुकलं तर दर वेळी तंतोतंत तीच चूक करतं. जवळपास चुकतो तो माणूस."

"मेलेला का जिवंत?" मी विचारलं.

उल्का खिडकीबाहेरची स्टेशनं मोजत राहिली. हे मला आवडलं नाही.

३

गुरुवारी सकाळी आम्ही दोघं पुन्हा तिथे. इमारत अजून रिकामी, बाहेर उजेड आणि आत पडदे ओढलेले. भिंतीवरच्या मोठ्या पडद्यावर डुलुथची संध्याकाळ. तळ्यावरून धुकं आलं होतं आणि मैदानाचं एक टोक दिसतच नव्हतं. प्रेक्षक थोडे, जे होते तेही आपण ओळखले जाऊ नये अशा बेतानं बसलेले.

चौघं आपापल्या कॉम्प्युटरपुढे, एकमेकांकडे पाठ करून. पडद्याच्या डाव्या कडेला खेळाडूंची यादी, सगळ्यांपुढे शून्य. ऋचा दाराशी उभी राहून नखं खात होती. ती सवय तिनं दहावीत सोडली होती.

"आज कुणी काही करणार नाही," मी उल्काच्या कानात म्हणालो. "सगळ्यांना माहितीये आपण बघतोय."

"मग खरं भूत असेल तरच येईल," ती म्हणाली. तिनं खुर्ची फिरवली आणि पडद्याकडे पाठ करून बसली.

"अगं, पडदा तिकडे आहे."

"पेपर चालू असताना मी फळ्याकडे बघत नाही."

खेळाडू मैदानावर आले. पंचानं घड्याळ बघितलं. खोलीत एअर कंडिशनरचा आवाज तेवढा. कॉरिडॉरमधला लांबचा दिवा लागला. कुणी आलं नाही. दिवा विझला.

आणि यादीत सगळ्यात खाली, शून्यांच्या रांगेखाली, एक आकडा बदलला.

मर्सर – १.

प्रबोधचा चहा मांडीवर सांडला. "अरे देवा," तो ओरडला, पण भाजल्यामुळे की काय ते कळलं नाही. कोहनं खाली वाकून संत्रं घट्ट धरलं. निहार खुर्चीवरून उठला आणि पडद्याकडे बघत, कुणालाच उद्देशून न बोलता, म्हणाला, "मी नाही. आई शपथ मी नाही." ऋता हात मांडीवर ठेवून, मान खाली घालून बसली होती. घाबरलीय बिचारी, असं मला वाटलं.

पडद्यावर पंचानं शिट्टी वाजवली. हिरव्या मैदानाबाहेर, उजव्या हाताला, तो ठिपका हलला नाही.

मी उल्काकडे वळलो.

ती शांतपणे पर्समधून रुमाल काढून प्रबोधला देत होती. "मॅच होऊ द्या," ती म्हणाली. "मग बोलू. आता मला माहितीये तो कुणाबरोबर आला."

४

लँटर्न्स पाच गोलनी हरले. त्यांच्या गोलकीपरकडे त्या दिवशी बहुधा दुसरी कामं होती.

मीटिंगच्या खोलीत सगळे बसले. क्लबचा फोन पंधरा मिनिटांत येणार होता. ऋचानं दार लावून घेतलं.

"कोहचं म्हणणं बरोबर होतं," उल्का म्हणाली. "त्याच्या कॅलेंडरात बसत नाही. म्हणून मी आपलं कॅलेंडर बघितलं. मर्सर मार्च ते ऑगस्ट एकदाही आला नाही. आला तो पौर्णिमा झाल्यावर, पक्ष लागल्यावर. हा पितृपक्षात आलाय."

प्रबोधनं शर्टावरून जानवं चाचपलं.

"तो पाय कुठे लावतो? मैदानाबाहेर. केव्हा? खेळ सुरू व्हायच्या आधी. आपण या दिवसांत जेवायला बसण्याआधी घराबाहेर काय ठेवतो, प्रबोध?"

"घास," प्रबोध पुटपुटला. मग तो खुर्चीतून अर्धा उठला. "वहिनी, तुम्हाला वाटतंय की मी—"

"मला आधी तेच वाटलं. इथे सगळ्यात कर्मठ तुम्ही. पण तुमचे अण्णा रोज तुम्हाला जेवलास का विचारतात. ज्याचे वडील आहेत तो पक्षाचं पान वाढत नाही, हे तुम्ही झोपेतही विसरणार नाही. आणि वाढलंच असतं तर तिथी बघून एकदा. इथे चार मॅच, चार वेळा. म्हणजे हे करणाऱ्याला विधी ऐकून माहीत आहे, घरात शिकलेला नाही. चूक आहे, पण मनापासून केलेली आहे."

निहारनं सुस्कारा सोडला. कोह आता संत्रं सोलायला लागला होता.

"आणि आज तो आकडा बदलला तेव्हा मी तुमच्याकडे बघत होते. तिघंही पडदा बघून दचकले. चौथीनं पाहिलंच नाही. हात मांडीवर घेऊन, मान खाली घालून ती आधीपासून बसली होती. घाबरलेलं माणूस असं बसत नाही. नमस्कार करून झालेलं माणूस असं बसतं."

ऋता रडत नव्हती. तिनं नुसतं नाक पुसलं.

"आजी असताना ठेवायची, कॉरिडॉरच्या कठड्यावर," ती म्हणाली. "टाउन कौन्सिलची नोटीस आली. बर्ड फीडिंग, फाइन. मग ती ठेवायची बंद झाली. लास्ट इयर ती गेली. आता कोणीच नाही ठेवत. पक्ष स्टार्ट झाला तेव्हा प्रबोध अंकलनी लंचला सगळं सांगितलं, कसं बाजूला काढायचं, कोणाला. तेव्हा मला मर्सर आठवला. आंटी, त्याचं नाव लिस्टमध्ये आहे ना. एव्हरी मॅच झीरो. झीरो, झीरो, झीरो. सगळे खेळतात, तो बाहेर उभा. मला वाटलं, एक टच बाजूला काढला तर कोणाचं काय जातं? स्क्रीनवर तर फाइन पण नाही."

"आणि ते काढून का नाही टाकलंस नंतर?" ऋचानं विचारलं. "अहवाल पाठवायच्या आधी?"

ऋतानं तिच्याकडे आश्चर्यानं पाहिलं. "दिलेलं परत कसं घेणार?"

ऋचा मटकन बसली. तिची नोकरी, तिचा पास, तन्मयचा पास, सगळं त्या प्रश्नाच्या पलीकडे लोंबकळत होतं, आणि तिला त्या मुलीवर ओरडता येत नव्हतं.

"रोज नसतं वाढायचं," उल्का तिला हळूच म्हणाली. "तिथी असते."

"त्याची तिथी मला माहीत नाही."

"मग सर्वपित्रीला. ज्यांचं कुणी नाही त्यांचीही तीच. उद्या आहे."

टेबलावरचा फोन वाजला.

५

पडद्यावर क्लबचा माणूस आला. हॅलरन त्याचं नाव. रात्रीच्या स्टेडियमच्या पायऱ्यांवर बसला होता. त्याच्या मागे धुक्यातले दिवे एकेक करून विझत होते, आपल्या कॉरिडॉरमधले विझतात तसे.

"सांगा," तो म्हणाला. "कोण होतं?"

ऋचानं तोंड उघडलं. "चूक माझी आहे. लॉगिन सगळ्यांचा एकच—"

"मी होते," ऋता मध्येच म्हणाली, आणि मग तिनं सगळं सांगितलं. आजी, कठडा, नोटीस, शून्यांची रांग. ती इंग्रजीत बोलत होती, त्यामुळे पहिल्यांदाच अडखळत नव्हती. मर्सर थ्रोच्या आधी सॉक्स ओढायचा, तेही तिनं सांगितलं.

हॅलरनच्या मागचा अजून एक दिवा गेला. आता त्याचा चेहराच काय तो दिसत होता.

"डावा सॉक्स," तो अखेर म्हणाला. "फक्त डावा. आम्ही त्यावरून त्याला चिडवायचो." त्यानं टोपी काढून मांडीवर ठेवली. "क्लबमध्ये आम्हा सगळ्यांना वाटत होतं कुणीतरी त्याची थट्टा करतंय. मालकांना मी समजावतो. करार राहील. ते चारही अहवाल आहेत तसेच राहू द्या. आणि मिस, लॉगिन वेगवेगळे करून घ्या."

ऋचानं दोन्ही हातांनी टेबल धरलं. उल्कानं तिच्या पाठीवर हात ठेवला. दाराबाहेर कॉरिडॉर अंधारात होता, आणि प्रबोध डोळे मिटून काहीतरी म्हणत होता. मला वाटतं त्या क्षणी, त्या खोलीत, आम्ही सगळेच थोडे मोठे झालो होतो.

"अजून एक," हॅलरन म्हणाला. तो कॅमेऱ्याच्या जवळ सरकला आणि आवाज खाली आणून, जरा संकोचानं, म्हणाला, "आमचा गोलकीपर तसा जिवंत आहे. पण आज तुम्ही बघितलंच. शनिवारच्या मॅचच्या आत त्याच्यासाठी तुमच्याकडे काही करता येईल का?"